वीस मिनिटं मागे

सकाळी सातच्या बातम्यांआधी रेडिओवर ठोके पडत, तेव्हा आमच्या घरात कुणी बोलायचं नाही असा दंडक होता. आईचा भाकरी थापणारा हात परातीत जागच्या जागी थांबायचा. चुलीवर वालाचं बिरडं खदखदत असे, त्याला मात्र कुणी गप्प करू शकत नव्हतं. बाबा रेडिओपाशी स्टुलावर बसलेले असायचे, तळहातावर झाकणाचं जुनं खिशातलं घड्याळ उघडं. शेवटचा ठोका पडला की ते घड्याळाची चावी आत दाबायचे आणि म्हणायचे, "आली." म्हणजे वेळ आली. मग आई भाकरी तव्यावर टाकायची, मी उरलेला चहा संपवायची आणि पनवेलमधला दिवस सुरू व्हायचा. तो आमच्या घरातून सुरू होतो असंच मला बरीच वर्षं वाटत होतं. बाबांना ताप आला तर गावाचा मंगळवार संपणारच नाही, अशी भीती मी लहानपणी खरोखर बाळगली आहे.

तसं वाटण्याचं कारण म्हणजे राखणदार. पनवेल ते उरण या पट्ट्यातले पाच घड्याळजी स्वतःला वेळेचे राखणदार म्हणवून घ्यायचे. बाहेरच्यांना ती घड्याळं दुरुस्त करणारी साधी माणसं वाटत, आणि दिवसभर ती होतीही तशीच. पण त्यांची मंडळी होती, मंडळींची शपथ होती आणि प्रत्येकाकडे एक वही होती. वेळ आपोआप वाहत नाही, ती एका घड्याळातून दुसऱ्या घड्याळापर्यंत माणसानं नेऊन पोचवावी लागते, आणि पोचवली नाही तर ती जागोजाग साचते, असं ही माणसं मानत. म्हणून रेडिओवरून घेतलेली वेळ खिशात घालून प्रत्येकानं आपल्या वाट्याच्या घड्याळांकडे जायचं. एस.टी. स्टँडचं, शाळेचं, देवळातलं, मशिदीतलं, कारखान्यांच्या गेटवरचं. मागे पडलेलं घड्याळ पुढे सरकवायचं. पण पुढे गेलेल्याचा काटा कधीही उलटा फिरवायचा नाही. ते थांबवायचं आणि खरी वेळ तिथवर येईपर्यंत त्याच्यापाशी उभं राहायचं. मशिदीच्या घड्याळाखाली बाबा आणि उस्मानचाचा असे तब्बल पंचवीस मिनिटं उभे राहिलेले मी पाहिले आहेत. दोघंही हात मागे बांधून, काही न बोलता. आता माझ्या मोबाईलवर वेळ कुठून येते आणि कोण आणून देतं, मला ठाऊक नाही. ती बरोबर असते एवढंच.

उस्मानचाचा राखणदारांचे थोरले. मोहल्ल्याच्या तोंडाशी त्यांचं दुकान होतं, म्हणजे एक लाकडी टपरी आणि पुढे काचेची पेटी. थंडीत, वालाच्या शेंगा भरल्या की, शिरढोणच्या बाजूला एका राखणदाराच्या शेतावर सगळे दुपारी जमायचे. मडक्यात भांबुर्ड्याचा पाला, शेंगा, बटाटे घालून पोपटी लावायची, आणि ती शिजेपर्यंत प्रत्येकानं आपली वर्षभराची वही मोठ्यानं वाचायची. कुठलं घड्याळ कोणत्या दिवशी किती मिनिटं पुढे होतं, किती मागे. दुसऱ्या कुणाला हे ऐकून झोप आली असती. आमच्याकडे बायकासुद्धा शेंगा सोलत कान देऊन ऐकायच्या. वहीत खाडाखोड चालत नसे. जे पाहिलं तेच लिहीन, एवढीच शपथ होती, आणि ती घेतलेल्यानंच घड्याळाला हात लावायचा. त्या वहीला गावात मान होता. दोन शेजाऱ्यांत वेळेवरून वाद झाला तर माणसं म्हणायची, "राखणदारांच्या वहीत काय आहे ते बघा."

बाबांचे डोळे गेल्याचं आमच्या लक्षात आलं ते एका बाईंच्या मनगटी घड्याळामुळे. त्या दुकानात आल्या आणि हसत म्हणाल्या, "घड्याळ छान चालतंय हो, पण मिनिटंच दाखवतंय." बाबांनी तास काटा बसवलाच नव्हता. ते हसले, माफी मागितली, काटा बसवून दिला. घरी आल्यावर जेवले नाहीत. पुढे मुंबईला मोठ्या डॉक्टरांना दाखवलं. डोळ्याच्या आतली नस सुकत चालली आहे, आहे तेवढं टिकवायचं बघा, असं त्यांनी सांगितलं. भिंगाखाली धरलेलं चिमुकलं चाक बाबांना अजून दिसायचं. मान वर केली की उंचावरचं घड्याळ म्हणजे नुसता पांढरा डाग. आई म्हणाली, "मंडळींना सांगून टाका. दुसरं कुणी तुमचा वाटा घेईल." बाबा म्हणाले, "राखणदाराला दिसत नाही म्हटल्यावर तो कसला राखणदार?" त्यानंतर या विषयावर घरात बोलणं झालं नाही. दुसऱ्या दिवसापासून शाळेत जायच्या आधी मी त्यांच्याबरोबर निघू लागले.

मी पंधरा वर्षांची होते. शिडीवर मी चढायची, खिशातलं घड्याळ माझ्या हातात, तबकडी मी वाचायची, काटा मी सरकवायची. बाबा खाली शिडी धरून उभे राहायचे आणि लोकांना ऐकू जाईल अशा आवाजात सूचना द्यायचे, "हळू. तेल फार नको." वही घरी येऊन मी लिहायची. हात कापतो म्हणून अक्षर शैलाचं, असं त्यांनी मंडळींना सांगून टाकलं होतं. खरं सांगायचं तर ते महिने मला फार आवडले. वर चढून काच उघडली की जुन्या तेलाचा आणि धुळीचा वास यायचा आणि सगळा रस्ता खाली दिसायचा. आपण चोरून काही करतो आहोत हे मला समजत होतं. त्याचा त्रास मला तेव्हा झाला नाही. तो पुढे व्हायचा होता.

खाडीच्या रस्त्याला एक रंगाचा कारखाना होता. आता तो नाही, नावही कुणाला आठवत नसेल, आणि मी ते लिहिणार नाही. त्याच्या गेटवरचं घड्याळ बाबांच्या वाट्याला होतं. एका मंगळवारी मी ते पाहिलं, सेकंदकाट्यासकट बरोबर होतं, आणि वहीत तसं लिहिलं. त्याच आठवड्यात गुरुवारी कारखान्याच्या एका टाकीत बाळाराम नावाचा कामगार गुदमरून मेला. तो खाडीपलीकडच्या गावातला, मिठागरवाल्यांच्या घरातला. बाजारात मी त्याला पाहिलेलं होतं, उंच, पुढे झुकून चालणारा. पाळी साडेतीनला सुटायची. आरडाओरडा झाला तेव्हा गेटवरच्या घड्याळात तीन वीस झाले होते असं चार माणसांनी सांगितलं. म्हणजे तो कामावर होता, आणि विषारी टाकीत त्याला कुणीतरी उतरवलं होतं. कारखान्याचं म्हणणं वेगळं होतं. गेटचं घड्याळ वीस मिनिटं मागे होतं, खरे तीन चाळीस झाले होते, पाळी सुटली होती, आणि बाळाराम पितळेच्या तोट्या चोरायला आपल्या मनानं टाकीत उतरला होता. घड्याळ त्यांनी त्याच संध्याकाळी उतरवून कुठंतरी ठेवलं होतं. उरली होती आमची वही.

शनिवारी दुपारी मॅनेजर जीपनं आमच्या घरी आले. गोरे, मृदू बोलणारे गृहस्थ. आईनं केलेला चहा त्यांनी सगळा प्यायला. म्हणाले, "चौकशी लागली आहे. तुमच्या वहीत घड्याळ मागे असल्याची नोंद असेलच."

"मंगळवारी बरोबर होतं," बाबा म्हणाले.

"मंगळवारनंतर बुधवार येतो." त्यांनी कप बशीत ठेवला. "आमचा वॉचमन सांगत होता, शिडीवर तुमची मुलगी चढते. तुम्ही खाली उभे असता. तुमच्या मंडळींना हे माहीत असेलच म्हणा."

मॅनेजरांनी आवाज चढवला नाही, धमकी दिली नाही. निघताना आईला नमस्कार केला. जीप गेल्यावर बाबा बराच वेळ खुर्चीच्या हातावर बोट फिरवत बसले. मग मला म्हणाले, "शैला, वही आण."

मी आणली.

"लिही. बुधवार. गेटचं घड्याळ पुन्हा पाहिलं. वीस मिनिटं मागे. शिडी नव्हती, सरकवायचं राहिलं."

"बाबा, बुधवारी आपण गेलोच नव्हतो."

"लिही."

आई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिच्या हाताला जवळ्याचा वास येत होता, हे मला आठवतं, म्हणजे ती अगदी माझ्यामागे येऊन उभी राहिली असणार. ती म्हणाली, "पोरीकडून नका लिहून घेऊ. लिहायचंच असेल तर तुम्ही लिहा." बाबा एकदम ओरडले, "मला लिहिता आलं असतं तर तिला सांगितलं असतं का?" आमच्या घरात त्या दिवसापर्यंत कुणी ओरडलं नव्हतं. मी लिहिलं. एकच ओळ होती. माझं अक्षर तेव्हा चांगलं होतं, आणि ती ओळ वरच्या ओळींसारखीच सुबक आली. एवढ्या वर्षांनंतर मी स्वतःला विचारते की मी नाही म्हटलं असतं तर काय झालं असतं. काही झालं नसतं. ते मला मारणारे नव्हते. मी लिहिलं, कारण मला त्यांची दया आली, आणि दयेपोटी आपण काय काय करून बसतो हे पंधराव्या वर्षी माणसाला माहीत नसतं.

सोमवारी सकाळी गोमीबाई आली. बाळारामची बायको. तिच्याबरोबर तिचा दीर होता, तो उंबऱ्याबाहेरच राहिला. ती आत येऊन जमिनीवर बसली. कपाळ मोकळं होतं आणि तिथं हात जायची सवय अजून गेलेली नव्हती. आईनं तिच्यापुढे पाणी ठेवलं, तिनं घेतलं नाही.

"घड्याल तुमी बघता ना?" तिनं बाबांना विचारलं.

बाबांनी मान डोलावली.

"मंग सांगा. माजा मानूस कामावं व्हता का नाय? गेला तो गेला, तो काय परत येनार नाय. पन पोरांना शाळेत चोराचा पोर बोलतान. माज्या सासऱ्यान दोन दिस अन्न घेतलं नाय. आमी मिठागरावं राबनारी मानसं, आमी कुनाचा खिला उचलला नाय. तुमची ती वही हाय ना? तीच्यान काय लिवलंय?"

बाबा म्हणाले, "वही कचेरीत दाखवायची असते, बाई. इथं नाही."

ती त्यांच्याकडे बघत राहिली. मग माझ्याकडे बघितलं. मी मान खाली घातली, आणि मला वाटतं तेवढ्यावरून तिला कळलं. उठताना तिनं भिंतीचा आधार घेतला. भिंतीवर दुरुस्त होऊन परीक्षेला टांगलेली आठ-नऊ घड्याळं चालू होती. त्यातल्या एकाला तिचा धक्का लागून ते वाकडं झालं, तर तिनं दोन्ही हातांनी ते सरळ केलं आणि गेली.

त्या दिवशी शाळेतून मी घरी न जाता मोहल्ल्यात गेले. उस्मानचाचा टपरीत भिंग लावून बसले होते. मी समोर उभी राहिले आणि सगळं सांगितलं, डोळ्यांचं, शिडीचं, बुधवारचं. सांगताना मी रडले नाही. त्यांनी डोळ्यावरचं भिंग काढलं, पुसलं, पुन्हा पुसलं. "कधीपासून दिसत नाही त्याला?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, गणपतीपासून. "या अल्ला," ते म्हणाले. "आणि दर जुम्मेरातीला माझ्याजवळ येऊन बसतो. एकदा तरी बोलायचं." त्यांना राग खोट्या ओळीचा आला होता तेवढाच या न बोलण्याचा आला होता. माझ्यासाठी त्यांनी लिंबाचं सरबत मागवलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी राखणदार आमच्याच घरी जमले. बाबांना वाटलं, नेहमीसारखं काही असेल. उस्मानचाचांनी वही मागितली, बुधवारची ओळ वाचली आणि म्हणाले, "ही ओळ शैलाची आहे, आणि ती म्हणते खोटी आहे." बाबांनी माझ्या दिशेला मान वळवली. मी होते त्याच्या जरा डावीकडे ते बघत होते.

उरणचे दत्तूकाका सगळ्यांत तापट. ते म्हणाले, "चाचा, विचार करा. एक ओळ खोटी आहे हे कचेरीत गेलं तर मागच्या सगळ्या वह्या खोट्या ठरतील. लोक म्हणतील, पोरगी लिहिते आणि ही म्हातारी माणसं सह्या करतात. मंडळी संपेल."

"आणि नाही गेलं तर?" चाचांनी विचारलं.

"तर आपण आपल्यात काय ते बघू."

"तर बाळाराम चोर राहील. खोटी वेळ सांभाळायला मंडळी कशाला पाहिजे, दत्तू? ते काम कुणीही करेल."

दत्तूकाका बाबांकडे वळले. "तूच सांग. पोरगी म्हणते तुला दिसत नाही. हे खरं आहे?"

बाबा उठले. "मी आलोच," म्हणाले, आणि दाराकडे निघाले. वाटेत पाण्याची कळशी होती. रोज तिथंच असायची, पण माणसं बसायची म्हणून आईनं ती हातभर सरकवली होती. बाबांचा पाय तिला लागला, कळशी कलंडली, पाणी सगळ्यांच्या मांड्यांखालून वाहत गेलं. कुणी हललं नाही. बाबा पाण्यात उभे होते, हात दाराची चौकट शोधत होता. आई धावली. तिनं आधी कळशी उचलली आणि मग त्यांना धरलं, की उलट, यावर आम्ही मायलेकी पुढे पुष्कळदा बोललो. तिला आठवत नव्हतं.

चाचांनी ओळ खोडू दिली नाही. तिच्याखाली मी लिहिलं, "बुधवारी कुणी गेलं नव्हतं. वरची ओळ खोटी आहे. मंगळवारी घड्याळ बरोबर होतं, ते मी शिडीवर चढून पाहिलं." खाली माझं नाव. ती वही घेऊन चाचा मला मामलेदार कचेरीत घेऊन गेले. आमच्या मागून, न बोलावता, दत्तूकाका आले. चौकशी अधिकाऱ्यांनी मला विचारलं, "तुला कुणी शिकवलं का हे?" मी म्हटलं, "खोटं शिकवलं होतं. हे नाही." मॅनेजर तिथंच बाकावर बसले होते. त्यांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही, टाचणीनं नखं साफ करत राहिले. चौकशी महिनाभर चालली. शेवटी बाळाराम पाळीवर असताना, सांगितलेलं काम करताना गेला, असं कागदावर आलं. चोरीचा शब्द गाळला गेला. टाकीत त्याला उतरवलं कुणी, ते मात्र कुणालाच सापडलं नाही.

दत्तूकाका म्हणाले होते तसंच झालं. कारखान्यांनी आपली घड्याळं काढून घेतली, शाळेनं विजेवरचं बसवलं, एस.टी. स्टँडवरून निरोप आला की यापुढे यायची गरज नाही. त्या थंडीत शेतावर कुणी जमलं नाही. लोक दुकानावरून जाताना बाबांना नमस्कार करायचे आणि पुढे जाऊन काहीतरी बोलायचे. घरात बाबा माझ्याशी बोलत नव्हते. वाईटही बोलत नव्हते. ताटात वाढलेलं न बघता जेवायचे, काटे चाचपून बोंबील खायचे आणि रेडिओ लागला की उठून परसात जायचे. मी पुढे शिकले, न्हावा शेव्याला जहाजांच्या एजंटाकडे तीस वर्षं नोकरी केली, लग्न, मुलं, सगळं झालं. पण कुठल्याही घरातलं आमच्या घरासारखं गप्प असणं मला आजही सहन होत नाही. मुलं हसतात, आई रिकाम्या खोलीत टीव्ही लावून ठेवते म्हणतात.

ती थंडी सरल्यावर, होळीच्या आधी एका रविवारी बाबा सकाळी शर्ट घालून तयार झाले आणि आईला म्हणाले, "शैलाला सांग, चल म्हणावं." कुठं, ते सांगितलं नाही. एस.टी.नं आम्ही खाडीपर्यंत गेलो, पुढे चालत. तिथं आता भराव आहे आणि त्यावर न्हावा शेव्याचे ट्रेलर रांगेनं उभे असतात. तेव्हा दोन्ही बाजूंना मिठागरं होती आणि मधून एक बांध. ते माझ्यापुढे दोन पावलं चालत होते, काठीशिवाय, पाय घासत. मला हात लावू देत नव्हते.

गोमीबाई अंगणात सुकट वाळत घालत होती. बाबा अंगणाच्या कडेला उभे राहिले, आवाजाच्या दिशेनं तोंड केलं आणि म्हणाले, "मी घड्याळजी. ती ओळ मी लिहायला लावली होती."

"मना ठावं हाय," ती म्हणाली. हातातलं काम तिनं थांबवलं नाही.

"माफी मागायला आलो."

तिनं उरलेली सुकट पसरून संपवली. मग हात झटकून उभी राहिली. "तुमी आलाव, बरा केलाव. पन माफ केला असा माज्या तोंडान येत नाय. उद्या आला तं मी सांगाला येन. आता पानी पिवा नि जावा, उना वाढतंय."

तिनं तांब्या आणून माझ्या हातात दिला, मी तो बाबांच्या हातात दिला. ते उभ्यानंच सगळं पाणी प्यायले. तिचा धाकटा मुलगा ओट्यावरून आमच्याकडे बघत होता. बाबांनी रिकामा तांब्या पुढे केला तो हवेतच. गोमीबाईनं चार पावलं येऊन त्यांच्या हातातून घेतला. ती पुढे कधी आली नाही.

परतताना ऊन चढलं होतं. मिठाच्या खाचरांवरून असा पांढरा उजेड येत होता की मलाही डोळे उघडे ठेवता येत नव्हते. बांध मधोमध खचला होता. येताना आम्ही तो कसा ओलांडला, कोण जाणे. बाबा तिथं आल्यावर थांबले. एक पाय पुढे टाकला, मागे घेतला. पुन्हा टाकला. मी मागे उभी होते आणि काही बोलले नाही, कारण त्या महिन्यांत मी तेच शिकले होते.

"शैला," ते म्हणाले, "मला दिसत नाही गं."

आणि त्यांनी हात मागे केला. मी तो धरला, त्यांच्या बाजूनं पुढे झाले आणि म्हटलं, "इथं पायरीएवढा खड्डा आहे. डावा पाय आधी टाका."

त्यांनी डावा पाय आधी टाकला.